टेकू आणि निळा बाहुला

असले भुताटकीचे अनुभव मी लॅबमध्ये डबा खाताना वाचायचे आणि हसायचे. आम्ही तिघीचौघी ते मोठ्याने वाचून एकमेकींना घाबरवायचो... लिफ्टमधला म्हातारा, बंद खोलीतली शिलाई मशीन. मी म्हणायचे, आधी ह्या लोकांचं हिमोग्लोबिन तपासा! आज मीच लिहायला बसलेय. हसायचं असेल तर हसा, तुमच्या जागी मी असते तर हसलेच असते.

मी बौद्ध घरातली. बावीस प्रतिज्ञा पाढ्यांच्या आधी पाठ झाल्या होत्या. चाळीत कोणाच्या अंगात आलं की आमचे बाबा दार लावून घ्यायचे आणि रेडिओ मोठा करायचे. माझं वय छत्तीस, परळच्या एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये टेक्निशियन आहे. रिपोर्ट विचित्र आला तर घाबरायचं नाही, सॅम्पल परत लावायचं, एवढीच माझी श्रद्धा. खाली जे लिहिलंय ते मी इतक्या वेळा परत लावून पाहिलंय की आता मोजत नाही.

आमची चाळ घोडपदेवला. तळमजला आणि वर तीन मजले, प्रत्येक मजल्याला पुढून लाकडी गॅलरी. आम्ही दुसऱ्या मजल्यावर, जिन्यापासून चौथी खोली. घरात आई, मी आणि माझा धाकटा भाऊ सुमेध. तो एकोणतीस वर्षांचा होता, लोअर परळला एका आर्किटेक्टच्या ऑफिसात ड्रॉइंग काढायचा. बाबा लवकर गेले, त्यामुळे सुमेधला मीच वाढवलं असं सगळ्यांना सांगायची मला खोड होती. तो म्हणायचा, "हो ग बाई, तू वाढवलंस, म्हणून तर उंची कमी राहिली."

जुन्या मुंबईत ज्यांनी दिवस काढलेत त्यांना टेकू म्हणजे काय ते सांगायला नको. बाकीच्यांसाठी सांगते. चाळीच्या तुळया वाकल्या की दुरुस्तीवाले खालून जाडजूड लाकडी खांब लावून जातात, तात्पुरते म्हणून. ते तात्पुरते खांब मग वीस वर्षं तिथेच राहतात. खांबाच्या डोक्यावर लाकडाची पाचर ठोकून तो घट्ट बसवलेला असतो. आमच्या दारासमोर असाच एक टेकू होता, वरच्या गॅलरीची तुळई त्याच्यावर. त्याला आम्ही कपड्यांची तार बांधली होती, कॅलेंडर टांगलं होतं, लहानपणी सुमेधची उंची त्याच्यावर खडूने मांडली होती. फक्त तो बरोब्बर दारात यायचा. घरात शिरायचं तर अंग तिरकं करून.

टेकू हलवायची वेळ दोनदाच यायची. घरात कपाट येताना, आणि घरातलं माणूस शेवटचं बाहेर नेताना. आणि चाळीत नियम होता, ज्याने हलवला त्यानेच तो परत जागेवर ठोकायचा. बाबांना खाली नेलं तेव्हा शेजारच्या दोघांनी टेकू सरकवला होता. ते दोघं स्मशानात आलेच नाहीत, मागे थांबून पाचर मारत बसले. कोणाला त्याचा राग आला नाही.

आता गेमबद्दल. सुमेधच्या लॅपटॉपवर एक गेम होता. त्यात गोळ्या नाहीत, मारामारी नाही, जिंकायचंही काही नाही. लाकूड, दोर, लोखंड, बिजागऱ्या दिलेल्या असतात, तुम्ही हवं ते बांधायचं, मग बटण दाबलं की गुरुत्वाकर्षण सुरू. नीट बांधलं असेल तर टिकतं, नाहीतर कोसळतं. लोक त्यात पूल बांधतात, तोफा करतात. आमच्या ह्याने चाळ बांधली! मेझरिंग टेप घेऊन गॅलरीतून फिरायचा, लोक विचारायचे, बिल्डरचा माणूस झालास काय रे. प्रत्येक तुळई, प्रत्येक टेकू मापाने. आमच्या खोलीत त्याने तीन बाहुले ठेवले होते. हिरवा म्हणजे आई, पांढरी मी, माझ्या लॅबच्या कोटामुळे, आणि निळा तो स्वतः. त्या गेममधले बाहुले निव्वळ चिंध्यांचे. जिथे टाकाल तिथे पडून राहतात, ढकललं तर कलंडतात. त्यांना चालता येत नाही, हे लक्षात ठेवा.

मागच्या वर्षी सुमेधचं जमत आलं होतं. वरळीच्या बीडीडी चाळीतली मुलगी, दोघांनी एकमेकांना पसंत केलेलं. गुरुवारी संध्याकाळी तिच्या घरचे आमचं घर बघायला येणार होते. आईची एकच धुसफूस, "पाहुणे काय आडवे होऊन येणार का आत?" सुमेधने सकाळी ऑफिसला जाताना सांगितलं होतं.

"ताई, त्याला हात लावू नको हां. खालच्या मजल्याचा टेकू बरोबर ह्याच्या खाली आहे. टेकूवर टेकू पाहिजे, एका रेषेत. मी गेममध्ये बघितलंय, एक फूट सरकवला तरी वरची गॅलरी जाते."

मी म्हणाले, "तुझी गेममधली अक्कल गेममध्ये ठेव."

दुपारी मी हाफ डे घेऊन आले. बत्त्याने पाचर सैल केली आणि टेकू दीड फूट बाजूला ओढला. एकटीने. पाचर परत ठोकली, ती हवी तेवढी आत गेली नाही, पण मला वाटलं चालतंय. पाहुणे आले, सरळ चालत आत आले, पोहे खाल्ले, आईचा चेहरा उजळला. ते गेल्यावर आई म्हणाली, "किती मोकळं वाटतंय ग दारात." मग मी शुक्रवारी परत लावते म्हटलं, शुक्रवारी म्हटलं शनिवारी. सुमेधने टेकूचा विषयच काढला नाही, मला वाटलं त्यालाही पटलं.

रविवारी सकाळी पावणेअकराला वरची गॅलरी खाली आली. वरच्या खोलीला कुलूप होतं म्हणून वर कोणी नव्हतं. खाली सुमेध होता. आई बुद्धविहारात वंदनेला गेली होती. पोलिसांना, शेजाऱ्यांना, आईला, सगळ्यांना मी एकच सांगितलं... मी आत ओट्याशी होते, आवाज झाला, बाहेर आले तर हे. पंचनाम्यात 'जीर्ण बांधकाम' असं लिहिलं गेलं. टेकूचे तर तुकडे झाले होते. तो कुठे उभा होता हे कोणी विचारलंच नाही, आणि मी सांगितलं नाही. वरळीची ती मुलगी पुण्यानुमोदनाला आली होती. सगळ्या वंदना संपेपर्यंत मान खाली घालून बसली आणि जाताना माझे हात हातात घेऊन म्हणाली, ताई तुम्ही स्वतःला सांभाळा. मला तिथल्या तिथे मरून जावंसं वाटलं.

चाळ रिकामी केली. आई आणि मी शीव कोळीवाड्याला भाड्याच्या खोलीत आलो. सुमेधचा लॅपटॉप आत कॉटवर होता म्हणून वाचला, तो मी कपाटात ठेवून दिला होता. आठ महिन्यांनी एका दुपारी, लॅबच्या सकाळपाळीवरून आल्यावर, त्याच्यातले फोटो काढावेत म्हणून चालू केला. कोपऱ्यात गेमची खूण लुकलुकत होती. नवीन अपडेट आलंय. काय काय नवीन आहे त्याची यादीही होती. आता लाकडाला वय देता येतं. ओल देता येते. सांध्यावर किती ताण येतोय ते रंगाने दिसतं, आधी केशरी, मग लाल. झालेला रन, म्हणजे बटण दाबल्यापासूनची सगळी पडझड, मागे नेऊन थोडा थोडा पुढे सरकवत बघता येतो. बाहुल्यांबद्दल एकच ओळ होती, प्रत्येकाला वेगळं वजन देता येईल.

लाकडाचं वय वाचलं आणि ती ओळ मी परत वाचली. म्हणजे आता मला कळू शकत होतं. तोपर्यंतच्या त्याच्या चाळीत लाकूड कोरं करकरीत होतं. आता नव्वद वर्षांचं, ओल खाल्लेलं लाकूड घालून विचारता येणार होतं, टेकू जागेवर असता तर गॅलरी राहिली असती का? मला ती पडायला हवी होती. टेकू जागेवर असूनही पडायला हवी होती. माणूस आपल्या भावाच्या मरणाबद्दल एवढीच मागणी करू शकतो, हे तेव्हा मला कळलं.

अपडेट केलं. तीनही बाहुले आत ठेवले, हिरवा कॉटवर, पांढरी ओट्याशी, निळा कॉटच्या पायथ्याशी भिंतीला टेकून, तो बसायचा तिथे. टेकू जागेवर. बटण दाबलं. तुळई केशरी झाली, करकरली आणि राहिली. परत. राहिली. ओल वाढवली, तरी राहिली. मग टेकू दीड फूट सरकवला. तुळई लाल झाली आणि सगळं खाली आलं. परत लावलं. खाली आलं. दहा वेळा जागेवर, दहा वेळा सरकवून. लॅबच्या भाषेत ह्याहून स्वच्छ रिपोर्ट असत नाही.

वीसही वेळा मी फक्त तुळई बघत होते. पडलेल्या गॅलरीचं चित्र समोर होतं, आणि मग मला दिसलं की ढिगाऱ्याखाली काहीतरी निळं आहे.

मला वाटलं हादऱ्याने घरंगळला असेल. पण खोलीला उंबरा आहे, त्याने तोही मापाने केलेला, आणि दार तर बाहुल्याच्या समोरच्या भिंतीला. मी रन मागे नेला आणि थोडा थोडा पुढे सरकवत पाहिला.

सुरुवातीलाच पांढरी बाहुली ओट्याशी नव्हती. ती गॅलरीत होती, तारेपाशी, दोन्ही हात वर. निळा दारात उभा. टेकूच्या डोक्यावरची पाचर किंचित बाहेर आलेली. मग पांढरी वळली आणि आत आली. निळा तिच्या बाजूने बाहेर गेला, टेकूच्या जुन्या जागेवर उभा राहिला आणि दोन्ही हात वर करून तुळईला लावले. तिथे लाल झालेली तुळई परत केशरी झाली. थोडाच वेळ, पण झाली, म्हणजे भार खरोखर त्याच्यावर गेला होता. पांढरी ओट्यापर्यंत पोचली. मग गॅलरी आली.

आता जे मी पोलिसांना सांगितलं नाही ते सांगते. मी ओट्याशी नव्हते. मी गॅलरीत कपडे वाळत घालत होते. सुमेध दारात येऊन ओरडला, "ताई, दूध उतू जातंय!" मी ओला टॉवेल खांद्यावर टाकून धावत आत आले. गॅस बंद होता, ओट्यावर पातेलंही नव्हतं. मला वाटलं नेहमीचा चावटपणा. मी म्हणाले, "गाढवा, लग्नाला आलास तरी..." आणि वाक्य पुरं व्हायच्या आत आवाज झाला. हे मी जगात कोणालाही सांगितलं नव्हतं. हे जर सांगितलं असतं तर पुढचा प्रश्न आला असता, त्याला कसं कळलं पडणार आहे ते? आणि मग टेकूचं निघालं असतं.

गेममधल्या त्या चाळीच्या फाईलला मात्र ते माहीत होतं.

टेकू जागेवर असला की बाहुले हलत नव्हते, पण ती आमची सकाळ नव्हे, म्हणून पुढचे पंधरा दिवस मी रोज दुपारी तो सरकवूनच रन केला. गेममधल्या खोलीचं दार बंद केलं, रन सुरू झाल्यावर ते उघडं. निळ्याला जमिनीला खिळे मारून ठेवला, खिळे जमिनीत आणि हा बाहेर. शेवटी त्याला फाईलमधूनच काढून टाकला, तर पांढरी तारेपाशीच उभी राहिली आणि गॅलरीबरोबर खाली गेली. ते बघून मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. पण लगेच लक्षात आलं. त्याला काढून टाकला होता मी, स्वतःच्या हाताने, दुसऱ्यांदा. धडपडत परत आणला.

सुमेधच्या ऑफिसातला ओंकार हा गेम खेळतो. त्याला फाईल पाठवली, गॅलरी पडते का एवढंच विचारलं. तो म्हणाला पडते, बाहुले आतच आहेत. मग त्याला घरी बोलावलं. त्याच्या समोर रन केला, गॅलरी पडली, तिन्ही बाहुले जिथल्या तिथे ढेपाळलेले. मी स्क्रीन रेकॉर्ड केली होती ती दाखवली, तर त्यातही तेच.

तो हळूच म्हणाला, "ताई, ह्यांना चालायचा कोडच नाहीये. कंपनीने दिलेलाच नाही. तुम्ही कोणाशी तरी बोला ना... म्हणजे डॉक्टरशी."

मी गेमच्या कंपनीलाही मोडक्यातोडक्या इंग्लिशमध्ये लिहिलं. बाहुल्यांची हालचाल आमच्या ह्या अपडेटमध्ये नाही, असं दोन ओळींचं सभ्य उत्तर आलं. डॉक्टरकडेही गेले. त्या बाई चांगल्या होत्या. त्यांनी झोपेच्या गोळ्या दिल्या आणि लॅपटॉप बंद ठेवा म्हणाल्या. मीही मान्य केलं, की हे माझ्या डोक्यातलं आहे. अपराधी माणसाला काय काय दिसू शकतं.

मग एका दुपारी आई माझ्या मागे मेथी निवडत बसली होती. तिला ह्यातलं काही ठाऊक नव्हतं. कॉम्प्युटरवर मी लॅबचं काम करते असं तिला वाटायचं. मी शेवटचा एकदा म्हणून रन केला, आणि मागे मेथी निवडायचा आवाज थांबला.

आई म्हणाली, "ती आपली गॅलरी ना?"

मी मान डोलावली.

"ही पांढरी आत आली. आणि तो निळा बाहेर गेला... तो सुमेध आहे ना ग?"

मी मागे वळून बघितलं. तिच्या मांडीवरची भाजी सगळी जमिनीवर सांडली होती.

"तू बाहेर होतीस," आई म्हणाली. "त्याने तुला आत पाठवलं. काय म्हणाला?"

"दूध उतू जातंय म्हणाला."

"दूध नव्हतंच त्या दिवशी घरात. मी विहारातून येताना आणणार होते."

मग मी सगळं सांगितलं. टेकू, पाचर, शुक्रवारी करते, शनिवारी करते. आठ महिने दाबून ठेवलेलं एका दमात बाहेर आलं. आईने ऐकून घेतलं. ती चिडली नाही, रडलीही नाही.

"टेकूमुळेच झालं ते मला माहीत होतं," ती म्हणाली. "तू हलवलास ते गुरुवारीच बघितलं त्याने. मला म्हणाला, ताईला बोलू नको, पाहुण्यांसाठी केलंय बिचारीने. रविवारी मीच ठोकतो. मी म्हटलं, अरे ज्याने हलवला त्याने ठोकायचा असतो. तर म्हणाला, तिचं काम ते माझंच. रविवारी विहारात जाताना बत्ता मीच काढून दिला त्याच्या हातात. मी म्हटलं असतं ना, की राहू दे, संध्याकाळी माणसं बोलावून करू..."

असं बोलल्यावर मन हलकं होतं म्हणतात. आमचं झालं नाही. आठ महिने एका खोलीत आम्ही दोघी एकच गोष्ट एकमेकींपासून लपवत जेवलो-खाल्लो, आणि आता ती दोघींचीही झाली, एवढंच. आधी मला वाटायचं निदान आईने तरी टेकूचा संबंध जोडलेला नाही. तेवढाही आधार गेला.

आई स्क्रीनजवळ सरकली. "त्याला आत घे ना ग."

"येत नाही, आई. सगळं करून बघितलं. दरवेळी जातो."

"दरवेळी?"

"दरवेळी."

तिने पदराने स्क्रीन पुसली. मग म्हणाली, "मग चालूच करू नको. आहे तिथे बसू दे त्याला."

तेव्हापासून फाईल तशीच आहे, रन सुरू करायच्या आधीची. हिरवा कॉटवर, पांढरी ओट्याशी, निळा भिंतीला टेकून. आई रोज दुपारी जेवण झालं की लॅपटॉप उघडायला सांगते आणि समोर बसते. कधी त्याच्याशी बोलते. बुद्धवंदनेशिवाय दुसरं काही न मानणारी माझी आई. मी तिला अडवत नाही. आईला दिसलं आणि ओंकारला का दिसलं नाही, हे मला माहीत नाही. निर्जीव बाहुल्याला ती सकाळ कशी माहीत, हेही माहीत नाही. आम्हा दोघींना दुःखाने एकच भास झाला असं कोणी म्हटलं तर म्हणू दे. मात्र मी बाहेर होते आणि त्याने मला आत पाठवलं, हे तिने स्क्रीन बघून सांगितलं, मी तिला ते आधी सांगितलेलं नव्हतं.

कृपया मला स्पष्टीकरणं पाठवू नका. ओंकारने पुष्कळ दिली आहेत. तुमच्यापैकी कोणी हा असला गेम खेळत असेल, बाहुले, खिळे, दारं ह्यातलं कोणाला नीट कळत असेल, तर मला एवढंच सांगा... त्याला बाहेर जाण्यापासून थांबवायचं कसं?